रोजनाम्यातील चार नोंदी

४ ऑगस्ट २०२३ रोजी, शुक्रवारी सकाळी आईचा फोन आला तेव्हा मी भोसरीतील कारखान्याच्या स्टोअरमध्ये मालाची मोजदाद करीत होतो. कामाच्या वेळात ती कधी फोन करीत नाही. "अण्णाचा पोरगा आलाय," ती म्हणाली. "म्हणतो, आजी, मोटार बंद करा, तुमचं अपील गेलं. हातात कोर्टाचा कागद आहे." मी तिला कागदाचा फोटो पाठवायला सांगितले. फोटो तिला काढता येत नाही, म्हणून तो त्या मुलानेच काढला आणि त्यानेच मला पाठवला. आमच्या विरोधातील आदेश विरुद्ध बाजूच्या फोनवरून मला मिळाला.

आदेश अवघ्या तीन ओळींचा होता. पुकारा करूनही अपिलार्थी व त्यांचे वकील गैरहजर, मागील तारखांनाही गैरहजर, सबब अपील व्यतिक्रमामुळे फेटाळण्यात येते, असा त्याचा आशय. तारीख १२ जून २०२३. म्हणजे त्रेपन्न दिवसांपूर्वी आमचे अपील संपले होते आणि त्या त्रेपन्न दिवसांत आई रीतसर पाळीप्रमाणे मोटार लावत होती.

वाद विहिरीचा आहे. वडील आणि थोरले काका १९८३ साली वेगळे झाले तेव्हा विहीर सामाईक ठेवली गेली आणि पाण्याच्या पाळ्या ठरल्या. सोमवार ते गुरुवार काकांकडे, शुक्रवार ते रविवार आमच्याकडे. त्यांचे क्षेत्र जास्त, म्हणून त्यांचा एक दिवस जास्त. वडील गेल्यानंतर आमचे चुलत बंधू, ज्यांना मी जन्मापासून अण्णा म्हणतो, त्यांनी विहीर आपल्या गटात आहे म्हणून ती आपल्या एकट्याची, असा दावा आईविरुद्ध लावला. वाटपाचा कागद नोंदणीकृत नव्हता, त्यामुळे कनिष्ठ स्तर न्यायालयाने २०१६ मध्ये त्यांच्या बाजूने हुकूमनामा केला आणि आईला विहिरीवर मोटार चालविण्यास कायमची मनाई केली. आम्ही तीस दिवसांच्या आत जिल्हा न्यायालयात अपील केले. नुसते अपील दाखल केल्याने खालचा हुकूमनामा थांबत नाही, त्यासाठी वेगळा अर्ज द्यावा लागतो. तो दिला आणि स्थगिती मिळाली. तेव्हापासून सात वर्षे स्थगितीच्या आधारावर पाणी चालू होते. खरे सांगायचे तर या सात वर्षांत स्थगिती हाच जणू निकाल, अशी आमची समजूत होऊन बसली होती. अपील फेटाळले गेले त्याच क्षणी ती स्थगितीही गेली आणि २०१६ चा मनाईहुकूम पुन्हा उभा राहिला, हे आईला कोणी सांगितले नाही, कारण सांगणारा जो मी, त्यालाच ते माहीत नव्हते.

त्याच दुपारी मी आमच्या वकीलसाहेबांना फोन केला. नाव सांगताच ते म्हणाले, "तुमचं अपील आहे की बोर्डावर, अजून पुकाऱ्याला आलेलं नाही." मी फोटो पाठवला. दहा मिनिटांनी त्यांचा फोन आला, आणि त्यांचा आवाज बदललेला होता.

सोमवारी, ७ ऑगस्टला, रजा काढून मी जिल्हा न्यायालयात गेलो आणि नक्कल विभागात आदेशाच्या व रोजनाम्याच्या, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झाले याच्या न्यायालयातील नोंदींच्या, नकलेसाठी अर्ज दिला. गुरुवारी नक्कल हातात पडली. अपील न्यायालयात कसे जगले आणि कसे मेले, हे मला पहिल्यांदा कळले ते रोजनाम्याच्या त्या पानांवरून. १० जानेवारी २०२३ च्या नोंदीत ते मुख्य न्यायालयातून दुसऱ्या मजल्यावरील अतिरिक्त जिल्हा न्यायाधीशांच्या न्यायालयाकडे वर्ग झाल्याचे लिहिले होते. त्यापुढे चार तारखा होत्या. ६ फेब्रुवारीला अपिलार्थी व वकील गैरहजर, उत्तरवादीचे, म्हणजे अण्णांचे, वकील हजर. ९ मार्चला तेच. २० एप्रिलला तेच, आणि त्यापुढे 'अंतिम संधी'. मग उन्हाळी सुटी. १२ जूनला निकाल. पहिल्या मजल्यावर वकीलसाहेबांचे कारकून जुन्या न्यायालयाचे बोर्ड, म्हणजे सुनावणीला लागलेल्या प्रकरणांची यादी, दर महिन्याला न चुकता पाहत होते आणि आमचा क्रमांक दिसत नाही म्हणजे तारीख लागलेली नाही, असे समजून परत जात होते. त्याच वेळी एक जिना वर आमच्या नावाचा पुकारा होत होता.

ई-कोर्ट्स सेवेकडून तारखेचे संदेश मोबाईलवर येतात, हे मला त्यानंतर समजले. आमच्या अपिलात नोंदवलेला क्रमांक २०१६ मधील माझा जुना क्रमांक होता, जो मी कंपनी बदलताना सोडून दिला होता.

वकीलसाहेबांच्या कार्यालयात त्या गुरुवारी जे घडले ते मी विसरणार नाही. कारकून अनुभवी होते, तीस वर्षे तेच काम करीत आलेले. त्यांनी मला बाजूला घेतले आणि विचारले, "आईचं काही आजारपण?" मी म्हणालो, जुलैत मोतीबिंदूचे ऑपरेशन झाले. त्यांचा चेहरा उजळला. "झालं तर मग. डॉक्टरांकडून सर्टिफिकेट आणा, जूनपासून विश्रांती सांगितली होती म्हणून. कोर्ट आजारपणाला नाही म्हणत नाही." त्यांच्या सांगण्यात लबाडीपेक्षा सवय जास्त होती. चूक त्यांची होती, आणि ती झाकायला ते आईच्या डोळ्यावरची पट्टी पुढे करीत होते, हे त्यांच्या लक्षातही आले नसावे. मी हो म्हणालो नाही, पण नाहीही म्हणालो नाही. येताना एसटीत चार तास मी त्याचाच विचार करीत होतो आणि, हे लिहायला संकोच वाटतो, पण मध्येच एकदा डॉक्टरांचा क्रमांक शोधूनही ठेवला.

तो विचार सुटला तो दुसऱ्या वकिलांमुळे. आमच्या वकीलसाहेबांनी स्वतःच सुचवले की, अर्जात त्यांच्या कार्यालयाची चूक हेच कारण येणार, त्यासाठी त्यांना किंवा कारकुनांना शपथपत्र द्यावे लागेल, आणि जो साक्षीदार होणार त्याने त्याच प्रकरणात वकील म्हणून उभे राहू नये. त्यांनी वकीलपत्रावर ना हरकत लिहून दिली. सात वर्षांच्या फीपैकी शेवटचा हप्ता मी द्यायचा बाकी होता, तो त्यांनी मागितला नाही. माझा त्यांच्यावरचा राग तेव्हा पूर्ण गेला नव्हता आणि आजही गेलेला नाही, पण इतक्या सरळपणे चूक अंगावर घेणारा माणूस मला माझ्या कारखान्यातही क्वचितच भेटला आहे, हेही नोंदवले पाहिजे.

नव्या वकीलबाई माझ्याहून वयाने लहान होत्या. सर्टिफिकेटाचा विषय मी चाचरत काढला, तेव्हा त्यांनी एकच प्रश्न विचारला: "१२ जूनला आई कुठे होत्या?" मी म्हणालो, शेतात. "मग ते सर्टिफिकेट आपलं अपील दुसऱ्यांदा घालवेल." त्यानंतर त्यांनी कागदावर एक आडवी रेघ ओढली आणि तिच्यावर तीन तारखा लिहिल्या, १२ जून, १२ जुलै आणि ४ ऑगस्ट. त्या रेघेने मला जे समजले ते आधी कोणी समजावले असते तर बरेच काही वाचले असते.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१ नियम १७ प्रमाणे सुनावणीसाठी पुकारा झाल्यावर अपिलार्थी हजर नसेल तर न्यायालय अपील फेटाळू शकते. मात्र अशा गैरहजेरीत अपिलाचा निकाल गुणदोषांवर देता येत नाही, असे स्पष्टीकरण १९७६ च्या दुरुस्तीने नियमातच घातले आहे. म्हणजे आमच्या विहिरीच्या हक्काबद्दल जिल्हा न्यायालयाने एक अक्षरही ठरवलेले नव्हते. असा आदेश हुकूमनाम्याच्या व्याख्येतही बसत नाही, त्यामुळे त्याविरुद्ध उच्च न्यायालयात द्वितीय अपिलाची वाट नाही. वाट आहे ती नियम १९ ची. ज्या न्यायालयाने अपील फेटाळले त्याच न्यायालयापुढे जाऊन, पुकाऱ्याच्या वेळी हजर राहण्यापासून पुरेशा कारणाने आपल्याला रोखले होते, हे सिद्ध करायचे. ते सिद्ध झाले तर अपील पुन्हा दाखल करून घेणे न्यायालयावर बंधनकारक आहे, खर्चाच्या किंवा इतर अटी मात्र ते घालू शकते. अर्ज नामंजूर झाला, तरच त्या नामंजुरीविरुद्ध आदेश ४३ खाली वर जाता येते.

आणि मुदत. मुदत अधिनियमाच्या अनुच्छेद १२२ प्रमाणे या अर्जाला तीस दिवस, आणि ते मोजायचे अपील फेटाळल्याच्या तारखेपासून. आपल्याला कधी कळले, याला तिथे जागा नाही. गंमत अशी की, उत्तरवादीच्या गैरहजेरीत अपील एकतर्फी चालले आणि त्याला नोटीस नीट बजावलेली नसेल, तर शेजारच्याच अनुच्छेद १२३ प्रमाणे त्याचे दिवस त्याला माहिती झाल्यापासून मोजतात. अपील करणाऱ्याला ही सवलत नाही, कारण अपील त्याचे आहे आणि त्यावर नजर ठेवणे त्याचे काम आहे, असे कायदा गृहीत धरतो. आमचे तीस दिवस १२ जुलैला संपले होते. त्यामुळे आम्हाला दोन निरनिराळ्या काळांची दोन निरनिराळी कारणे द्यायची होती. १२ जूनला हजर का नव्हतो, हे पुन्हा दाखल करून घेण्याच्या अर्जासाठी, आणि १२ जुलैपर्यंत अर्ज का केला नाही, हे मुदत अधिनियमाच्या कलम ५ खालील विलंब माफीसाठी. बहुतेक लोक ही दोन कारणे एकात मिसळतात आणि मग उलटतपासात सापडतात, असे वकीलबाईंचे म्हणणे होते.

शनिवार, रविवारची सुटी गेल्यावर १४ ऑगस्टला दोन्ही अर्ज दाखल झाले. विलंब तेहतीस दिवसांचा. सोबत तीन शपथपत्रे होती. कारकुनांनी लिहिले की, अपील वर्ग झाल्याची नोंद त्यांच्या डायरीत झाली नाही आणि ते जुन्याच न्यायालयाचे बोर्ड पाहत राहिले. आईने लिहिले की, ती वकिलांवर आणि मुलावर अवलंबून होती. मी लिहिले की, नोंदवलेला मोबाईल क्रमांक माझा होता, तो बंद केला आणि न्यायालयाला किंवा वकिलांना नवा क्रमांक कळवला नाही. हे शेवटचे वाक्य मला काढून टाकायचे होते. वकीलबाईंनी काढू दिले नाही.

अण्णांना नोटीस बजावून ते म्हणणे दाखल करीपर्यंत ऑक्टोबर उजाडला. दरम्यान त्यांनी मनाईहुकुमाच्या अंमलबजावणीसाठी दरखास्त लावली होती. आईने मोटार बंद ठेवली. आडसाली उसाची लागण नुकतीच झालेली, आणि पावसाने उघडीप दिली होती. शेजारच्या बोअरवरून तिने पाइप ओढून दीड एकर कसाबसा भिजवला आणि त्याचे वीजबिल भरले. मी पुण्याहून पैसे पाठवत होतो. आमच्या घरात याची वाच्यता फारशी झाली नाही, पण दर रविवारी तिच्याशी बोलताना मध्ये जी शांतता पडे ती माझ्या जुन्या मोबाईल क्रमांकाची होती.

अण्णांच्या म्हणण्यात आरोप होता की, स्थगिती घेऊन आम्ही सात वर्षे मुद्दाम अपील लांबवले. वाचताना संताप आला. मग मी रोजनामा पुन्हा चाळला. सात वर्षांत आमच्या बाजूने तारीख पुढे मागणारे अकरा अर्ज होते.

उलटतपास माझा झाला. अण्णांचे वकील आवाज न चढवता विचारणारे होते.

"आपण मोबाईलवरून बँकेचे व्यवहार करता?"

"हो."

"एसटीचं, रेल्वेचं आरक्षण?"

"करतो."

"ई-कोर्ट्सचं ॲप आहे आपल्याकडे?"

"आहे."

"कधीपासून?"

"ऑगस्ट २०२३ पासून."

"म्हणजे अपील फेटाळल्यानंतर. त्याआधी सात वर्षांत एकदाही आपल्या अपिलाची तारीख आपण स्वतः पाहिली नाही?"

"नाही."

ते खाली बसले. न्यायाधीशांनी टंकलेखकाला उत्तर सांगितले आणि ते पडद्यावर उमटताना मी पाहत राहिलो. 'मी स्वतः तारीख पाहिली नाही.' त्या खोलीत माझ्याविरुद्धचा सर्वांत भक्कम पुरावा माझ्याच तोंडून लिहिला गेला होता, आणि तो खराही होता.

युक्तिवादात आमच्या बाजूने सर्वोच्च न्यायालयाच्या १९८१ च्या रफिक विरुद्ध मुन्शीलाल या निर्णयाचा आधार घेतला गेला. वकील गैरहजर राहिल्याने अपील हातचे गेलेल्या पक्षकाराच्या त्या प्रकरणात न्यायालयाने म्हटले आहे की, वकील नेमून, फी देऊन पक्षकार निर्धास्त राहिला तर त्यात त्याची चूक नाही, आपला वकील उभा राहतो की नाही यावर पहारा देणे हे त्याचे काम नव्हे. त्यावर अण्णांच्या वकिलांनी १९९३ चा सलील दत्त प्रकरणातील निर्णय ठेवला. त्यात तोच आधार घेणाऱ्या कंपनीला न्यायालयाने सुनावले आहे की, हा पक्षकार अडाणी खेडूत नाही, ती कलकत्त्यात मुख्य कार्यालय असलेली आणि शिकलेल्या लोकांनी चालवलेली कंपनी आहे, आणि वकिलाच्या माथी दोष मारून प्रत्येक वेळी सुटता येणार नाही. "अपिलार्थी खेड्यातल्या आहेत," ते म्हणाले, "पण अपील चालवणारे चिरंजीव भोसरीत संगणकावर साठ्याचा हिशेब ठेवतात." मला त्यांचा मुद्दा पटला. आपल्याच विरुद्धचा युक्तिवाद पटणे ही चमत्कारिक अवस्था असते.

वकीलबाईंचे उत्तर छोटे होते. अपील चिरंजीवांचे नाही, आईचे आहे. चुकीचे बोर्ड पाहणारे कारकून खोटे बोलत असते तर स्वतःच्या कार्यालयाची चूक त्यांनी शपथेवर लिहून दिली नसती. चार तारखांची गैरहजेरी चार वेळचा निष्काळजीपणा नसून एकाच चुकीची पुनरावृत्ती आहे. आणि माहिती झाल्यापासून दहा दिवसांत, त्यातील तीन नकलेत जाऊनही, अर्ज आला आहे. विलंबाच्या प्रत्येक दिवसाचा हिशेब द्यायचा म्हणजे त्याचा कीस काढायचा नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये कातिजी प्रकरणात सांगितल्याचे त्यांनी दाखवले.

१८ जानेवारी २०२४ रोजी दोन हजार रुपये खर्चाच्या अटीवर विलंब माफ झाला. त्यानंतर मूळ अर्ज चालला आणि १४ मार्चला तीन हजार रुपयांच्या अटीवर अपील पूर्वीच्याच क्रमांकाने पुन्हा दाखल करून घेण्यात आले. आदेशात एक परिच्छेद माझ्यावर होता. अपिलार्थीच्या मुलाचे वर्तन समर्थनीय नाही, मात्र त्याने ते लपवलेले नाही, आणि त्यामुळे कारकुनाच्या शपथपत्रावरही विश्वास ठेवण्यास हरकत नाही, अशा अर्थाचा. डोळ्याच्या ऑपरेशनाचा उल्लेख आदेशात कुठेच नव्हता, कारण तो आम्ही केलेलाच नव्हता.

खर्चाची रक्कम अण्णांनी घेतली नाही. त्यांचे वकील म्हणाले, पक्षकाराची इच्छा नाही. मग ती न्यायालयात जमा केली, पावती घेतली, पूर्ततेची पुरसीस, म्हणजे तसे लेखी निवेदन, दिली, आणि त्याच पुरसिशीत माझा चालू मोबाईल क्रमांक व आईचाही क्रमांक लिहून दिला. नव्या स्थगितीसाठी वेगळा अर्ज केला. तो सुनावणीला आला त्या दिवशी मी सकाळी साडेदहापासून दुसऱ्या मजल्यावरील बाकावर बसून होतो. अण्णा समोरच्या बाकावर होते. दुपारनंतर कधीतरी त्यांनी विचारले, "चहा घेणार का?" मी नको म्हणालो. पुकारा चुकेल, ही भीती आता अंगात इतकी मुरली आहे की, मी त्या बाकावरून पाण्यासाठीही उठलो नाही. त्यांना बहुधा वाटले असेल की मी राग धरला आहे.

पुकारा चारनंतर झाला. अपिलाचा निकाल लागेपर्यंत पूर्वीच्याच अटींवर स्थगिती मिळाली आणि अंतिम युक्तिवादाची तारीख पडली. खाली येऊन मी आईला फोन केला. ८ एप्रिल होता, दुसऱ्या दिवशी गुढीपाडवा. म्हटले, "मिळाली स्थगिती. लाव मोटार."

"आज सोमवार आहे," ती म्हणाली. "गुरुवारपर्यंत पाणी त्यांचं. आपली पाळी शुक्रवारी."